भुंग्याचा अर्धा धडा

१४ जानेवारी, मंगळवार

सकाळपासून माणसांची रीघ. प्रत्येकाने सरांच्या डाव्या तळहातावर तिळाची वडी ठेवली आणि बहिऱ्याशी बोलावं तसं ओरडून म्हटलं, "तीळगूळ घ्या, गोड बोला!" म्हणून झाल्यावर मग लक्षात येतं, की या माणसाची दिवाळीच्या आधीच वाचा गेली आहे. मग चेहरे पडतात. मग माझ्याकडे वळून, "होईल हो वहिनी सगळं नीट." माणूस गेला की वडी मी त्यांच्या हातातून काढून घेते. साखर आहे ना त्यांना.

नवऱ्याला मी इथेही 'सर'च लिहितेय. आख्खं पनवेल घरत सर म्हणतं. घरातही ते दुसरे कोणी नव्हतेच. नववीचं विज्ञान शिकवून रिटायर झाले, शिकवायचे मात्र थांबले नाहीत. फोडणीत हिंग कधी घालायचा इथपासून. माझं वाक्य अर्ध्यावर असतानाच "चूक!" म्हणायचे, बोट वर करून. मी कचेरीत माणसांची अर्जांची गाऱ्हाणी दिवसभर शेवटपर्यंत ऐकून घ्यायचे आणि घरी येऊन माझंच एक वाक्य शेवटाला जायचं नाही.

आता उजवी बाजू गेली, बोलणं गेलं. उरला एकच शब्द, "नाय." चहा हवा तरी नाय, नको तरी नाय. जन्मभर पोरांचं 'नाय' खोडून 'नाही' करून घेतलं, आणि स्वतःच्या तोंडात तेवढंच राहिलं, खाडीकाठच्या घरचं.

खरं लिहायचं तर घर शांत आहे. वाईट वाटतं आणि बरंही वाटतं. बरं वाटतं हे कोणाला सांगायची सोय नाही.

१७ जाने., शुक्रवार

तन्वीचा दिवस. मंगळवारी आणि शुक्रवारी येते, बोलायला शिकवते. पोरगी चांगली आहे, चिडत नाही. कार्डं दाखवते. कप. चावी. आंबा. "सर, हे काय आहे? म्हणा, कऽऽप." सर डोळे मिटून घेतात.

चपला घालताना दारात हळूच म्हणाली, "काकू, सुरुवातीचे महिनेच महत्त्वाचे असतात. आत्ता जेवढं परत येईल तेवढं येईल. नंतर अवघड होत जातं. आणि सर प्रयत्नच करत नाहीयेत."

म्हटलं, अगं बाई, आयुष्यभर फळ्यासमोर उभा राहिलेला माणूस. कप म्हणायला लाज वाटते त्यांना.

"मग काय म्हणायला आवडेल?"

'चूक' म्हणायला, असं अगदी ओठावर आलं होतं. गिळलं. पोरीला काय कळणार.

२२ जाने.

वरच्या मजल्यावरचे कुलकर्णी शहाळं घेऊन आले. सर गॅलरीत, चाकाच्या खुर्चीत. झोपाळ्याच्या लाकडी दांडीत भुंग्याने भोक पाडलंय. खाली रोज भुसा पडतो, रोज झाडते. काळा कुळकुळीत, उन्हात आला की पंख निळे दिसतात. सर त्याच्याकडे बघत बसतात. तेवढ्याचकडे बघतात.

कुलकर्ण्यांनी भुंगा पाहिला आणि सुरू. "सर, विज्ञान काय म्हणतं माहितीये? एवढं जड अंग, एवढुसे पंख, हा उडूच शकत नाही! पण भुंग्याला हे माहीत नाही ना, म्हणून तो उडतो! तुम्हीपण डॉक्टर काय म्हणाले ते विसरून जा. उठा!"

सरांचा चेहरा लालबुंद. डावी मूठ खुर्चीच्या हातावर आपटायला लागले. "नाय! नाय! नाय!"

"बघा वहिनी, कसा जोश आला!" कुलकर्णी खूश. माणूस रागाने फुटायला आलाय आणि याला जोश दिसतो. कपाळ माझं.

बीपीची गोळी दिली. शहाळं मी प्यायले.

२३ जाने.

सर का भडकले ते मला पक्कं ठाऊक आहे. दर जूनला नव्या नववीचा पहिला तास ते याच वाक्याने घ्यायचे. फळ्यावर मोठ्या अक्षरात लिहायचे: विज्ञानानुसार भुंगा उडू शकत नाही. पोरांना उतरवून घ्यायला लावायचे. मग पोरांकडे पाठ करून उभे राहायचे, गप्प. कोणी तरी विचारेल, सर, पण तो तर उडतो की! बहुतेक वर्षी कोणीच विचारायचं नाही. मग वळून, "सगळ्यांनी लिहून घेतलं? एकालाही शंका आली नाही? चूक!" आणि वाक्यावर ही एवढी मोठी फुली.

त्यानंतर खरा धडा. विमानासारखे पंख ताठ धरले तर भुंग्याचा हिशोब जमत नाही, हे खरं. पण भुंगा पंख ताठ धरतो कुठे? कोणी तरी विमानाचं गणित भुंग्याला लावलं, ते चुकलं, आणि नाव विज्ञानाचं खराब झालं. हे सांगताना दोन्ही हात पसरून पंख हलवून दाखवायचे. शेवटी छातीवर मूठ ठेवून पण काहीतरी होतं.

घरी हा तास आमच्यासमोर आधी व्हायचा, रंगीत तालीम. मी भाकऱ्या थापत असायचे. छातीपर्यंत आले की कुकरची शिट्टी व्हायची. मुलगी पुण्याला गेल्यावर ऐकायला मी एकटीच.

३० जाने.

वत्सलाताई आल्या, माझी नणंद. उरणकडून दोन रिक्षा बदलून, कंटेनरच्या रांगेत तास घालवून. पिशवीत सुकट. भावाच्या पायाशी बसून त्याचे तळवे चोळत होत्या. त्या ओरडून बोलत नाहीत, काही शिकवत नाहीत. एवढंच बरं वाटतं.

गॅलरीत भुंगा घुमत होता, म्हणून मी सहज कुलकर्ण्यांचं सांगितलं, सर पंखांचं कसं दाखवायचे तेही. हसल्या. "वयनी, त्यो भुंग्याचा नाय, त्यो खाडीतला हाय! ल्हान असताना पान्यात उबाच्या उबा रवायचा. पाय नाय हलवायचा. हात नुसते पुढं-मागं, पुढं-मागं, तळवा फिरवून. आमी काठावरनं वरडायचो, बुरला, बुरला! त्यो मान वर करून हसायचा."

सर ऐकत होते. ओठ हलले. वाटलं, आता काहीतरी. "नाय," एवढंच आलं. पण वेगळं आलं. रागाचं नव्हतं.

व.ताईंना निघताना रडू आलं. मला नाही आलं. माझं आटलंय बहुतेक.

३ फेब्रु.

मोबाईलवर भुंग्याचा उडतानाचा व्हिडिओ सापडला, अगदी सावकाश केलेला. सरांच्या पुढ्यात धरला. पुन्हा लाव म्हणून बोट टेकवत राहिले. जेवण गार झालं. मीही बघितला. पंखावरून हवेचा छोटा भोवरा सुटतो, पंखाच्या पुढच्या कडेला चिकटून राहतो, त्याने वरचा दाब कमी होतो आणि अंग वर उचललं जातं, असं खाली लिहिलं होतं. पंख लहान, म्हणून वेग भयंकर. डोळ्याला नुसतं धुकं दिसतं.

इतक्या वर्षांत हे मला पहिल्यांदा शांतपणे कळलं, कारण मध्ये कोणी "चूक" म्हणालं नाही. आणि हे त्यांना सांगायला गेले तर ऐकून घेतलं त्यांनी. शेवटपर्यंत. दुसरा इलाज काय आहे त्यांच्याकडे.

८ फेब्रु., शनिवार

निलेश आला. सरांचा विद्यार्थी. आधी न्हावा शेव्याला कंटेनर यार्डात कागदपत्रं बघायचा, आता व्याख्यानं देतो. तळोज्याच्या कंपन्या बोलावतात म्हणे. रात्रपाळी करून आलेल्या माणसांना खुर्चीत बसवून हा सांगतो, मनात आणलं तर काहीही शक्य आहे. पांढरे बूट, गॉगल डोक्यावर. पाया मात्र वाकून पडला, दोन्ही हात टेकून. त्याच्या डोळ्यांत खरंच पाणी होतं. म्हणून तर जास्त राग येतो, नुसता लबाड असता तर हाकलून दिला असता.

"काकू, सरांचा जंगी सत्कार करायचाय. गुरुगौरव सोहळा. सगळ्या बॅचेस येणार. मी आज जो काही आहे तो सरांच्या एका वाक्यामुळे."

कुठलं वाक्य रे?

"विज्ञानानुसार भुंगा उडू शकत नाही! सरांनी स्वतः फळ्यावर लिहिलं होतं, या डोळ्यांनी बघितलंय. माझं प्रत्येक लेक्चर मी तिथूनच सुरू करतो."

माझ्या तळपायाची आग मस्तकात. सर खुर्चीत होते, त्यांच्याकडे बघवेना. म्हटलं, निलेश, त्याच्या पुढे सर काय म्हणाले होते?

"पुढे?" खरंच आठवत होता बिचारा. "पुढे काहीतरी पंखाबिंखाचं होतं. ते परीक्षेला नव्हतं, काकू."

सरांनी खिडकीकडे तोंड केलं.

१२ फेब्रु.

निलेशला फोन करून सगळं नीट समजावलं. की सर ते वाक्य खोडायला लिहायचे. की तू अर्धाच धडा घेऊन फिरतोयस आणि त्यावर सरांचं नाव लावतोयस. की सर आता स्वतः सांगू शकत नाहीत, म्हणून मी सांगतेय.

"काकू, पॉइंट पोचला. टेन्शन नका घेऊ. पण पब्लिकला ते जाम आवडतं हो."

मग तन्वीला विचारलं, सरांना सोहळ्याला नेऊ का? म्हणाली, जुनी माणसं भेटली तर कदाचित बोलायची इच्छा जागी होईल. सरांना विचारलं, जायचं का? "नाय." पण ते चहालाही नायच म्हणतात आणि दोन कप पितात. मी काय समजायचं? कोणी मला सांगेल का, मी काय समजायचं?

स्टँडसमोर फ्लेक्स लागलाय. सरांचा जुना फोटो छोटा, निलेशचा मोठा.

२३ फेब्रु., रविवार

संपलं एकदाचं. लिहून टाकते.

हॉल गच्च भरलेला. स्टेजवर चढायला उतार नाही, चौघांनी सरांना खुर्चीसकट उचललं. सर डाव्या हाताने खुर्ची घट्ट धरून, डोळे मिटून. इस्त्रीचा पांढरा शर्ट मीच त्यांना घातला होता. मला शेजारी खुर्ची. शाल, नारळ, फुलं. एकेक बॅच उठून टाळ्या. केस पिकलेले पुरुष, नातवंडं घेऊन आलेल्या बायका. सरांनी डोळे उघडले, एकेक चेहरा ओळखत होते. मला खरंच वाटलं, आणलं ते बरं केलं.

मग निलेश. माईक घेऊन स्टेजभर येरझाऱ्या. दिवे मंद केले, मागे संगीत. "मित्रांनो, सरांनी आम्हाला एक गोष्ट शिकवली. विज्ञान म्हणतं, भुंगा उडू शकत नाही..."

माझ्याकडे बघितलंच नाही मेल्याने.

वर स्मृतिचिन्ह. काचेसारख्या प्लास्टिकचा हा भला मोठा भुंगा, सोनेरी पंखांचा. खाली कोरलेलं: 'उडणं अशक्य आहे, हे भुंग्याला माहीत नाही!' आणि त्याखाली, 'घरत सर'. ते सरांच्या मांडीवर ठेवलं. सर वाचत होते. वाचता येतं त्यांना, सगळं येतं, फक्त बाहेर पडत नाही. मान खाली गेली, तोंडातून लाळ आली. फोटोवाले फोटो काढत होते.

मी उठले. निलेशच्या हातातला माईक ओढून घेतला. कधी बोललेय मी एवढ्या लोकांत? म्हटलं, सर असं म्हणायचे नाहीत. सर ते वाक्य लिहून त्यावर फुली मारायचे. भुंगा कसा उडतो ते विज्ञानाला चांगलं माहीत आहे. तो त्याचे लहान पंख असे जोरजोरात वर-खाली मारतो...

आणि हाताने दाखवलं. वर-खाली.

तेवढ्यात सर. डावा हात उचलला, खांद्यापर्यंत. पुढे नेला, तळवा फिरवला, मागे आणला. पुन्हा पुढे, पुन्हा मागे. थांबेचनात. घाम फुटला होता.

निलेशने दुसरा माईक पकडला. "सर सगळ्यांना हात करताहेत! आपल्या सरांना हात करा!"

आख्ख्या हॉलने हात हलवले. शेकडो हात. काही जणांनी मोबाईलचे दिवे लावून हलवले. सर पंख दाखवत होते आणि सगळे त्यांना टाटा करत होते. मी ओरडले, अहो, ते शिकवताहेत! माईक बंद केला होता कोणी तरी. संगीत मोठं केलं.

सरांनी हात खाली घेतला.

२४ फेब्रु.

आज कळलं. ते निलेशला सांगत नव्हते. मला सांगत होते. मी वर-खाली म्हटलं ना. वत्सलाताईंनी पुढं-मागं सांगितलं होतं, व्हिडिओत डोळ्यांनी बघितलं होतं, आणि ऐन वेळी घाबरून वर-खाली बोलून आले. शेकडो लोकांसमोर मी त्यांची बाजू घेतली आणि त्यांनी काय केलं, तर माझी चूक काढली.

हसू की रडू. भांडी जोरात आदळली. त्यांना ऐकू जावीत म्हणूनच.

४ मार्च

त्या दिवसापासून 'नाय' पण बंद. तन्वीने कार्डं काढली की मान फिरवतात. व्हिडिओ लावला तर मोबाईल बाजूला सारतात. घास पण दोन-तीनच.

फोन मात्र वाजतोय. "काय कार्यक्रम झाला हो! सरांनी हात केला तेव्हा डोळे भरून आले." कुलकर्णींनी व्हिडिओ सोसायटीच्या ग्रुपवर टाकलाय. खाली अंगठे आणि हात जोडलेले.

मृणालचा पुण्याहून फोन. "आई, तू माईक का ओढलास? किती ऑकवर्ड दिसतंय." तिला म्हटलं, तुझ्या बापाच्या नावावर खोटं कोरलंय, ते नाही का ऑकवर्ड दिसत?

११ मार्च

तन्वी आज अर्ध्या तासातच उठली. "काकू, तुमचा वेळ वाया घालवायला मला बरं नाही वाटत. आणखी दोन आठवडे बघू, नाहीतर मग थांबवू. त्यांनीच कुलूप लावून घेतलंय."

ते स्मृतिचिन्ह गॅलरीच्या दाराला अडण म्हणून लावलंय. वाऱ्याने दार आपटत होतं. जड आहे, तेवढा उपयोग.

खरा भुंगा अजून दांडीतच. भुसा रोज. कुलकर्णी म्हणाले, औषध मारून टाका, दांडी पोखरेल. म्हटलं, पोखरू दे. त्या झोपाळ्यावर बसतं कोण आता.

१८ मार्च, मंगळवार

देवा.

नीट क्रमाने लिहिते. तन्वी आली, कार्डं झाली, सर भिंतीसारखे. मग ती गॅलरीत आली आणि दाराची अडण बघून विचारलं, हे काय? तिला सगळा प्रकार सांगितला. सर आमच्याकडे पाठ करून बसलेले. दांडीतून भुंगा निघाला, समोर शेवग्याच्या फुलांवर गेला. तन्वी म्हणाली, "पण काकू, इतक्या जोरात पंख हलतात तरी कसे? केवढी ताकद लागत असेल."

म्हटलं, स्नायू असतात ना पंखांच्या मुळाशी, ते पंखांना धरून ओढतात. आपला हात कसा हलतो, तसंच. मला तसंच वाटत होतं. अगदी खात्रीने सांगितलं.

मागून, "नाय."

आम्ही दोघी वळलो. सरांनी खुर्ची एका हाताने अर्धी वळवली होती. डावी मूठ छातीवर. तोंड वाकडं होत होतं, मानेच्या शिरा ताणलेल्या. "छा... छा..." तन्वीने माझा दंड धरला, बोलू नका म्हणून.

"छाती."

स्पष्ट. पुन्हा, मूठ आपटून, "छाती!"

तन्वी रडायलाच लागली. मी उभीच. दिवाळीपासूनचा पहिला नवा शब्द. कप नाही, चावी नाही, पाणी नाही, माझं नाव नाही. माझी चूक.

नंतर बघितलं मोबाईलवर. बरोबर आहे त्यांचं. स्नायू पंखांना धरून ओढत नाहीतच. भुंगा आपली छाती आवळतो, एकदा उभी, एकदा आडवी. डब्याचं झाकण मधे दाबलं की कडा उचलते तसे पंख आपोआप हलतात. कुकरच्या शिट्टीत बुडालेला भाग हा. निलेशकडे अर्धा धडा, माझ्याकडे पाऊण.

तन्वी जाताना नाचतच गेली. "काकू, सापडलं! रोज काहीतरी चुकीचं बोला त्यांच्यासमोर. हाच व्यायाम. पुस्तकात नाहीये हा, पण करा."

हाच व्यायाम म्हणे. कोणाचा?

१९ मार्च

सकाळी चहा देताना सुरू केलं. "चंद्राला स्वतःचा उजेड असतो." सरांनी माझ्याकडे बघितलं, कॉपी करणाऱ्या पोराकडे बघावं तसं. "लोखंड पाण्यावर तरंगतं." तोंड फिरवलं. ओळखलं त्यांनी. मुद्दाम चुकलेलं चालत नाही. मास्तर आहे शेवटी, नाटक लगेच कळतं.

दुपारी मी ते विसरूनही गेले होते. आमटी करताना आपल्याशीच बोलले, हिंग शेवटी घातला की वास टिकतो.

बाहेरून, "नाय. आधी."

हातातला डाव तसाच राहिला. आधी! दोन शब्द सलग! आणि हिंगाचं माझंच बरोबर आहे, इतकी वर्षं आमटी कोण करतंय? पण ओरडले नाही. टेकून उभी राहिले ओट्याला. आनंद झाला, झालाच, खोटं कशाला लिहू. आणि त्याच्याच पाठोपाठ धास्ती. कारण कळलं की गाडी कशावर चालते. मला जे मनापासून वाटतं ते मी मोठ्याने बोलायचं, आणि त्यांनी ते खोडायचं. तेव्हा माणूस परत येणार.

म्हणजे जुनं घर परत येणार. मी काय मागितलं होतं देवाकडे? हेच ना? मग घ्या.

व.ताईंना फोन केला. 'छाती' आणि 'आधी' सांगितलं. पलीकडे हमसून हमसून. "वयनी, तू बोलत रव. तू लय पुन्यवान हाय."

हो. फार.

२० मार्च, गुरुवार

संध्याकाळी गॅलरीत दोघंच. तळोज्याच्या कारखान्यांचा तो आंबूस वास आला होता, घरात शिरू नये म्हणून अडण बाजूला करून दार ओढून घेतलं. आज दिवसभरात तीन शब्द झाले. 'उलट', 'कमी', आणि कुलकर्ण्यांना 'चूक'. बोट वर करून. कुलकर्ण्यांनी पेढे आणायला बायकोला पाठवलंय.

मी त्यांच्या समोर स्टूल घेऊन बसले. चेहरा सुकलाय, दाढी पांढरी वाढलीय. म्हटलं, एक सांगू? हे पण मला मनापासून वाटतं. अगदी खात्रीने वाटतं. नाटक नाही.

बघत होते.

म्हटलं, लग्न झाल्यापासून तुम्ही माझं एकही वाक्य पुरं होऊ दिलं नाहीत. एकही. मला काय वाटतं ते तुम्हाला कधी जाणून घ्यायचंच नव्हतं. मी तुमच्यासाठी फक्त चुकत होते.

बोलले आणि थांबले. मुद्दाम थांबले. चूक असेल तर काढतील, आता येतं त्यांना. ओठांकडे बघत बसले. भुंगा आला, दांडीतल्या भोकात शिरला, आतून कुरतडल्याचा आवाज यायला लागला. खाली थोडा भुसा पडला, त्यांच्या पायावर. मी झटकला नाही. म्हटलं, म्हणा ना. नाय म्हणा.

म्हणाले नाहीत.

डावा हात उचलून माझ्या गुडघ्यावर ठेवला, तळवा वर करून. मग तो तसाच राहिला.

आत येऊन कुकर लावला. उद्या शुक्रवार, तन्वी विचारेल, आज काय बोलले सर. काय सांगू तिला.